ला पॅसिओं द झान दार्क

डॅनिश दिग्दर्शक कार्ल थिओडोर ड्रायर यांनी फ्रान्समध्ये केलेला मूकपट (१९२८). पाखंडी ठरवून ३० मे १४३१ रोजी रूआँ येथे जिवंत जाळण्यात आलेल्या झान दार्कचा, म्हणजेच इंग्रजांविरुद्ध फ्रेंच सैन्याचे नेतृत्व करणाऱ्या जोन ऑफ आर्कचा, खटला आणि मृत्यू एवढाच त्याचा विषय आहे. तिच्या लढाया, फ्रेंच राजाचा राज्याभिषेक, तिचे बालपण यांतले काहीच ड्रायर दाखवत नाहीत. काही महिने चाललेला खटला पडद्यावर जणू एका दिवसात उरकतो.

सवाल-जवाब खटल्याच्या मूळ नोंदींवरून घेतले आहेत, आणि चित्रपटाचे खरे बळ त्यातच आहे. ‘तुझ्यावर देवाची कृपा आहे का?’ या प्रश्नाला ‘हो’ म्हणावे तर अहंकार, ‘नाही’ म्हणावे तर पापाची कबुली. झान म्हणते, ‘नसेल तर देव ती देवो, असेल तर राखो.’ एका अशिक्षित मुलीपुढे धर्मपंडित निरुत्तर होतात. मग राजाच्या नावाचे बनावट पत्र येते, छळाची यंत्रे दाखवली जातात आणि शेवटी हात धरून कबुलीवर सही करवली जाते. शिक्षा म्हणून तिचे केस भादरले जातात. खाली पडलेल्या केसांबरोबर तिचा गवताचा मुकुटही झाडून नेताना ती पाहते, न्यायाधीशांना परत बोलावते आणि कबुली मागे घेते. निर्दोष माणसाचा असा ठामपणा मूकपटांत क्वचितच इतक्या जवळून दिसला असेल.

झानची भूमिका रंगभूमीवरील अभिनेत्री रने फाल्कोनेत्ती यांनी केली. नटांना रंगभूषा नव्हती. रुडॉल्फ माटे यांच्या कॅमेऱ्याने सुरकुत्या, घाम, अश्रू सगळे टिपले. हेर्मान वार्म आणि झां ह्यूगो यांनी उभारलेला खर्चिक सेट मात्र पडद्यावर फारसा दिसत नाही. चेहऱ्यांपुढे ड्रायरना त्याची गरज वाटली नाही.

चित्रपटाचे नशीब मात्र खडतर. फ्रान्समध्ये चर्चच्या दबावाखाली त्याला कात्री लागली, तर इंग्रज सैनिकांच्या चित्रणामुळे ब्रिटनमध्ये बंदी आली. मूळ निगेटिव्ह १९२८ मध्येच बर्लिनमधील आगीत जळाली. मूळ आवृत्तीत न वापरलेल्या चित्रणांतून ड्रायर यांनी दुसरी आवृत्ती जुळवली, तीही आगीत गेली. पुढची अनेक दशके प्रेक्षकांनी तोडक्यामोडक्या प्रतीच पाहिल्या. १९८१ मध्ये ऑस्लोजवळच्या एका मनोरुग्णालयातील कपाटात, कात्री लागण्यापूर्वीची, दृश्यांमधल्या पाट्यांवर डॅनिश मजकूर असलेली प्रत सापडली. आज दाखवला जाणारा चित्रपट प्रामुख्याने तिच्यावरच आधारलेला आहे.