हरवलेल्या पर्जन्यग्रंथाची पार्श्वभूमी

कल्पित जगांच्या कथांमध्ये हवामानावर हुकूम चालवणारा एखादा ग्रंथ हमखास भेटतो. तो कुणी पाहिलेला नसतो, पण त्याचे नाव सर्वांना ठाऊक असते. तो ज्याच्या हाती असेल त्याला ढग बोलावता येतात, वारे बांधून ठेवता येतात, आणि तो नाहीसा झाल्यापासून त्या राज्याचे ऋतू बिघडलेले असतात. ही कल्पना बाहेरून आलेली वाटली, तरी तिच्या फार जवळ जाणारा खरा इतिहास आपल्याकडे आहे आणि त्याचा एक धागा वडोदऱ्यापर्यंत येतो. मात्र कथा आणि इतिहास यांत एक मोठा उलटफेर आहे. आपल्याकडे पाऊस पाडण्याचा विधी अक्षरशः टिकून राहिला; गेली ती पाऊस ओळखण्याची पुस्तके.

तो विधी म्हणजे कारीरी इष्टी, म्हणजे पावसासाठीचा छोटा यज्ञ. तैत्तिरीय संहितेच्या दुसऱ्या कांडात तिचा पाठ आहे. यजमानाने काळ्या काठाचे काळे वस्त्र नेसावे, कारण ते पावसाचे रूप होय, असे तेथे सांगितले आहे, आणि करीराच्या फळांचे पीठ मधात कालवून वापरावयाचे आहे. करीर म्हणजे गुजरातेतला केरडा, ज्याच्या हिरव्या बारीक फळांचे लोणचे वडोदऱ्यातल्या मराठी घरांनाही अनोळखी नाही. जवळजवळ बिनपानांचे हे काटेरी झुडूप रखरखीत जमिनीत फळे धरते. पावसाच्या विधीत त्याला मान का मिळाला असेल, हे ते एकदा पाहिल्यावर निराळे सांगावे लागत नाही. वेदपाठकांनी संहिता तोंडपाठ ठेवली, म्हणून हा ‘जादूचा ग्रंथ’ कधी हरवलाच नाही.

निरीक्षणाच्या ग्रंथांना असा कंठ लाभला नाही. सहाव्या शतकात अवंतीच्या, म्हणजे उज्जैनकडच्या, वराहमिहिर या ज्योतिष्याने बृहत्संहिता रचली आणि तिच्या एकविसाव्या अध्यायापासून अठ्ठाविसाव्यापर्यंत पावसाचाच विचार मांडला. आरंभी तो म्हणतो की अन्न हे जगाचे प्राण आहे आणि अन्न पावसाळ्याच्या अधीन आहे, म्हणून पावसाळ्याची परीक्षा झटून करावी; लगेच पुढे गर्ग, पराशर, काश्यप आदी जुन्या मुनींनी रचलेले ग्रंथ पाहून आपण हे लिहीत आहोत, अशी कबुली देतो. त्याची पद्धत अशी आहे की मार्गशीर्षाच्या शुक्ल पक्षात चंद्र पूर्वाषाढा नक्षत्री आला की आकाशातले ‘गर्भ’ पाहू लागावे, म्हणजे ढग, वारा, सूर्यचंद्रांभोवतीचे खळे यांची दखल घ्यावी. ज्या नक्षत्री गर्भ राहिला त्याच नक्षत्री तो १९५ दिवसांनी प्रसवतो. शुक्ल पक्षातला कृष्ण पक्षात, दिवसाचा रात्री. पडलेला पाऊस एक हात रुंदीच्या कुंडात मोजावा आणि पन्नास पळांचा (पळ हे येथे वजन) एक आढक हे माप धरावे. आजच्या हवामानशास्त्रात या गर्भांना जागा नाही; तरी थंडीतली नोंद पावसाळ्यात ताडून पाहण्याची ही शिस्त मंत्रतंत्राच्या जातीची नव्हे. जो दैवज्ञ रात्रंदिवस या लक्षणांकडे लक्ष ठेवतो त्याची वाणी पावसाच्या बाबतीत मुनीच्या वाणीसारखी खोटी ठरत नाही, असेही वराहमिहिर सांगतो. दंतकथेला एवढे बीज पुरते.

ज्या ग्रंथांवर त्याने भिस्त ठेवली त्यांचे पुढे काय झाले? दहाव्या शतकात भट्टोत्पलाने बृहत्संहितेवर टीका लिहिली, तेव्हा गर्ग आणि पराशर यांची वचने त्याला उतरवून घेता आली, म्हणजे तोवर ते ग्रंथ कुठे ना कुठे होते. नंतर गर्गाच्या नावाची हस्तलिखिते उरली तीही बिघडलेल्या पाठांची, आणि पराशराची संहिता तर मुख्यतः अशा अवतरणांतूनच हाती लागते. माझ्या मते या लोपाला आगीपेक्षा किंवा लुटीपेक्षा वराहमिहिराचे यशच अधिक कारण असावे. सगळ्यांचे सार एका नेटक्या पद्यग्रंथात मिळू लागल्यावर जुनी पोथी नकलून घेण्याचे कष्ट कोण घेणार? ज्याने नावे राखली त्यानेच पुस्तके निरुपयोगी केली, आणि मागे उरलेल्या नुसत्या नावांभोवती अद्भुत साचत गेले.

नावापुरता उरलेला ग्रंथ पुन्हा सापडूही शकतो. कौटिल्याचे अर्थशास्त्र असेच दीर्घकाळ उल्लेखांतून माहीत होते. १९०५ साली म्हैसूरला आर. शामशास्त्री यांच्या हाती त्याची पोथी आली आणि १९०९ साली ती छापली गेली. त्यात कोठाराजवळ पर्जन्यमापनाचे कुंड ठेवण्याची आज्ञा आहे आणि अवंतीचा पाऊस २३ द्रोण (द्रोण हे जुने माप) असा आकडाही आहे. याच सुमारास सयाजीराव गायकवाडांनी वडोदऱ्यात १९१० साली मध्यवर्ती ग्रंथालय उभारले, संस्कृत पोथ्या जमवल्या आणि चि. डा. दलाल यांना पाटणच्या जैन भांडारांकडे पाठवले. गायकवाड प्राच्य ग्रंथमालेचे पहिले पुष्प १९१६ साली निघाले, ते राजशेखराच्या काव्यमीमांसा या काव्यशास्त्रावरील ग्रंथाचे. त्याचा शेवटचा अध्याय ऋतू आणि त्या त्या ऋतूचे वारे यांवरच आहे. ग्रंथ अठरा अधिकरणांचा, म्हणजे विभागांचा, योजलेला होता. मिळाले ते पहिले एक. उरलेल्या सतरांची जागा कथाकारांना मोकळी आहे. १९२७ साली प्राच्यविद्यामंदिर स्थापन झाले आणि हे काम तेथे चालू राहिले.

पुस्तके गेली तरी निरीक्षण थांबले नाही. ते बोलीत उतरले. पावसाचे ठोकताळे सांगणारी ही वचने मराठीत सहदेव-भाडळी, गुजरातीत भडलीची वाक्ये आणि हिंदी मुलखात घाघ-भड्डरी. भाडळी कुठली, सहदेवाची ती कोण, हे सांगणाऱ्यागणिक बदलते. वडोदऱ्यातल्या मराठी माणसाच्या कानी ती दोन्ही नावांनी पडते. पंचांगात तर पावसाच्या नक्षत्रांची वाहने आजही छापतात: सूर्य नव्या नक्षत्रात जाईल त्या दिवशी सूर्यनक्षत्रापासून चंद्रनक्षत्रापर्यंत मोजावे, नवाने भागावे, तीन उरले तर बेडूक, सात उरले तर म्हैस, काहीच न उरले तर हत्ती, आणि ही तिन्ही भरपूर पावसाची. नियमाखाली कर्त्याचे नाव नसते.