प्राणिजन्य इजांच्या उत्तरपरिणामांचे कोडिंग

प्राणी चावल्याने, शिंग किंवा लाथ लागल्याने अथवा विषारी दंशाने झालेली इजा भरून आल्यावरही शरीरात जे व्यंग किंवा दुखणे मागे राहते, त्याची रोगवर्गीकरणाच्या ठरावीक कोडमध्ये नोंद करण्याची पद्धत. असे मागे राहिलेले दुखणे कोडिंगच्या व्यवहारात ‘सिक्वेला’ म्हणून ओळखले जाते. कुत्रा चावल्यानंतर आखडलेली बोटे, बैलाच्या शिंगाने झालेल्या जखमेचा कातडी ओढून धरणारा व्रण, घोणस चावल्यानंतर अधू झालेले मूत्रपिंड ही त्याची नेहमीची उदाहरणे.

ही पद्धत सर्वांत तपशिलाने आढळते ती अमेरिकेच्या आयसीडी-१०-सीएम या वर्गीकरणात, म्हणजे आंतरराष्ट्रीय रोगवर्गीकरणाच्या (आयसीडी) दहाव्या आवृत्तीच्या अमेरिकी रूपात. ते तेथे १ ऑक्टोबर २०१५ पासून लागू झाले. अमेरिकी रुग्णालयांच्या फायली भारतात बसून कोड करणाऱ्या मराठी तरुणांचा या नियमांशी रोजचा संबंध येतो. या वर्गीकरणात बदक चावणे, मकाव पोपटाची धडक, ऑर्का देवमाशाचा तडाखा यांनाही स्वतंत्र कोड आहेत आणि त्यावरून भरपूर विनोद झाले. पण कोडरचा कस प्राणी शोधण्यात लागत नाही. तो लागतो कोडच्या शेवटच्या, म्हणजे सातव्या अक्षरात.

सक्रिय उपचार चालू असताना हे अक्षर ‘ए’ असते, जखम भरत असतानाच्या पुढच्या भेटींना ‘डी’ आणि उत्तरपरिणामाला ‘एस’. टाके काढायला आलेला रुग्ण ‘डी’मध्ये मोडतो. तोच रुग्ण दोन वर्षांनी मूठ वळत नाही म्हणून आला, तर ‘एस’. नवखे कोडर नेमके या दोघांत गल्लत करतात, कारण केसपेपरवर दोन्ही वेळा ‘डॉग बाइट’ एवढेच ठळक दिसते.

उजव्या हाताला कुत्रा चावून पुढे हात आखडला, तर तीन कोड लागतात. पहिला, आज ज्यासाठी उपचार चालू आहेत त्या आखडलेल्या हाताचा: एम २४.५४१. त्यानंतर मूळ जखमेचा, म्हणजे उजव्या हाताच्या उघड्या चाव्याचा एस ६१.४५१, शेवटी ‘एस’ जोडून. तिसरा बाह्य कारणाचा, म्हणजे इजा कशाने झाली ते सांगणारा, डब्ल्यू ५४.०. हा कोड आखूड असल्याने मधल्या दोन जागा ‘एक्स’ने भरून सातव्या जागी ‘एस’ येतो. आखडलेल्या हाताच्या कोडला मात्र ‘एस’ लागत नाही. बाह्य कारणाचा कोड कधीही पहिला येत नाही आणि उत्तरपरिणामाचा बाह्य कोड त्याच इजेच्या चालू जखमेच्या कोडसोबत देत नाहीत. बाह्य कारणे नोंदवण्याची देशव्यापी सक्ती अमेरिकेत नाही; राज्याचा नियम किंवा विमा कंपनीची अट असेल तेथेच ती बंधनकारक ठरते.

किती काळानंतरचे दुखणे उत्तरपरिणाम मानायचे, याला आयसीडी-१०-सीएममध्ये मुदत नाही. वीस वर्षांपूर्वीचा चावाही चालतो. मात्र आजचे दुखणे त्या चाव्यामुळेच आहे, हे डॉक्टरांनी लिहिलेले असावे लागते. कोडरने ते आपल्या अंदाजाने जोडायचे नसते. कागद मोघम असेल तर डॉक्टरांना क्वेरी, म्हणजे खुलासा मागणारी विचारणा, पाठवायची.

जागतिक आरोग्य संघटनेच्या मूळ आयसीडी-१० मध्ये मांडणी वेगळी आहे. तेथे सातवे अक्षर नाही. इजांच्या उत्तरपरिणामांना टी ९० ते टी ९८ आणि बाह्य कारणांच्या उत्तरपरिणामांना वाय ८५ ते वाय ८९ असे गट आहेत. मूळ घटनेला एक वर्ष किंवा त्याहून अधिक काळ लोटल्यावर उद्भवलेले परिणामही या दुसऱ्या गटात धरतात. अपघाती कुत्राचावा, गाईची धडक, सर्पदंश यांचे उत्तरपरिणाम वाय ८६ या एकाच कोडमध्ये जातात. घरात पाय घसरून पडलेलाही त्यातच. प्राणी कोणता होता ही माहिती येथे गळून पडते, आणि ही या मांडणीतली मोठीच उणीव म्हणावी लागेल. बैलगाडीतून किंवा घोड्यावरून पडणे तर प्राण्यांच्या गटात येतच नाही. ते व्ही ८० खाली वाहतूक अपघात ठरते, म्हणून त्याचा उत्तरपरिणाम वाय ८५ मध्ये.

सर्पदंशाची नोंद आयसीडी-१०-सीएममध्ये टी ६३ खाली होते. दंश अपघाती होता की कसे, हे त्याच कोडमध्ये येते. नागाला टी ६३.०४ हा स्वतंत्र कोड आहे, ऑस्ट्रेलियातल्या तायपानलाही आहे. पण आपल्याकडचे मण्यार, घोणस आणि फुरसे हे तिन्ही ‘इतर आफ्रिकी व आशियाई साप’ या टी ६३.०८ मध्ये एकत्र कोंबलेले आहेत. घोणशीच्या विषाचा परिणाम कधी मेंदूच्या तळाशी असलेल्या पीयूषिका (पिट्युटरी) ग्रंथीवरही होतो. थकवा, पाळी थांबणे, रक्तदाब उतरणे अशी लक्षणे काही वेळा दंशानंतर कित्येक वर्षांनी लक्षात येतात. जुन्या दंशाचा उल्लेख केसपेपरवर नसेल, तर ई २३.० हा ग्रंथीच्या विकाराचा कोड एकटाच लागतो.

जागतिक आरोग्य संघटनेच्या अंदाजानुसार जगात दरवर्षी ८१,००० ते १,३८,००० माणसे सर्पदंशाने दगावतात आणि अवयव गमावणारे किंवा कायमचे अपंगत्व येणारे त्यांच्या सुमारे तिप्पट असतात. नोव्हेंबर २०२४ मध्ये केंद्र सरकारने सर्पदंशाचे रुग्ण आणि मृत्यू यांची माहिती कळवणे सक्तीचे करण्याची सूचना राज्यांना केली.