जांभा, साकव आणि जादा कामाची थकलेली बिले

सरकारी बांधकामात ‘जादा काम’ म्हणताना दोन वेगळ्या गोष्टी एकाच शब्दात बांधल्या जातात. निविदेत असलेलीच बाब अंदाजापेक्षा जास्त झाली, तर ते जादा परिमाण. निविदेत नसलेलीच बाब करावी लागली, तर ती अतिरिक्त बाब, साइटवरच्या भाषेत एक्स्ट्रा आयटम. राज्यात वर्षानुवर्षे वापरात असलेल्या बी-१ या सरकारी कंत्राटाच्या ठरावीक मसुद्यात पहिल्या प्रकारासाठी कलम ३८ आहे, दुसऱ्यासाठी कलम १४. कलम ३८ प्रमाणे २५ टक्क्यांपर्यंतची वाढ निविदेच्याच दराने करायची. त्यापुढची वाढ ५,००० रुपयांच्या वर गेली तरच दर बदलतो, आणि ही रक्कम आज खडीच्या एका डंपरमध्ये संपते. कलम १४ ला मात्र लेखी आदेश लागतो. दर निविदेत नसेल आणि दरसूचीतही नसेल, तर कंत्राटदाराने आदेश मिळाल्यापासून सात दिवसांत आपला दर कळवायचा.

कागदावर हे सरळ आहे. कोकणातल्या जांभ्यात, म्हणजे तिथल्या तांबड्या सच्छिद्र खडकात, ते सरळ राहत नाही.

ताजा उघडा पडलेला, ओलसर जांभा हत्याराने तासता येतो. म्हणून तर त्याचे चिरे निघतात. हवा लागली, वाळला, की तोच कडक होतो. शिवाय त्याचा थर कुठे दोन हात, कुठे दोन पुरुष, आणि खाली पांढुरकी-पिवळी चिकणमाती, जिच्यावर पाया ठेवता येत नाही. साकवाच्या, म्हणजे ओढ्यावरच्या छोट्या पुलाच्या, अंदाजपत्रकात खोदाई ‘माती, मुरूम, मऊ खडक, कठीण खडक’ अशी वाटलेली असते. दरांत मोठा फरक असल्याने जांभा कोणत्या रकान्यात बसवायचा, यावर सगळे बिल फिरते. रस्तेकामांच्या केंद्रीय विनिर्देशांत जांभा ‘साधारण खडक’ या वर्गात, म्हणजे सुरुंग न लावता पहारीने निघणारा, असा येतो. त्याच वर्गात आणखी एक वाक्य आहे: कोरडा असताना सुरुंग लागेल इतका कठीण, पण भिजल्यावर मऊ होऊन सुरुंगाशिवाय निघेल, असा खडकही साधारणच. कोकणाला हे वाक्य जड जाते. इथे काम करायचे दिवस दसऱ्यापासून मेअखेरीपर्यंत. खडक भिजून मऊ व्हायला जो पाऊस हवा, त्यात साइट बंदच असते. एप्रिलमध्ये ब्रेकर लावून फोडलेल्या खडकाची मोजणी ‘पावसात मऊ झाला असता’ या हिशोबाने होणे मला तरी न्याय्य वाटत नाही. केवळ सुरुंग वापरला म्हणून वरचा वर्ग मिळत नाही आणि वर्गवारीत अभियंत्याचा शब्द अखेरचा, असेही तिथेच लिहिले आहे.

बांधकाम खात्याचीही बाजू आहे. खड्डा बुजला की खडक कोणालाच दिसत नाही. मोजमाप पुस्तिकेत नोंद नसेल, तर पैसे देणाऱ्या अधिकाऱ्यावर लेखापरीक्षणात आक्षेप येतो. पण नोंद करणारा आणि पैसे रोखणारा एकाच खात्यातला, हेही विसरता येत नाही.

न्यायालयांपुढे हा प्रश्न जुनाच. दुसऱ्या महायुद्धाच्या काळात तुपाच्या भावाचा अंदाज कोलमडला, म्हणून सैन्याला तूप पुरवणाऱ्यांनी वाढीव पैसे मागितले. ‘अनपेक्षित महागाईने करार मोडत नाही’ असे सांगून सर्वोच्च न्यायालयाने १९६० मध्ये ते नाकारले. पुढच्याच वर्षी, डिसेंबर १९६१ मध्ये, दुसरी वाट मोकळी झाली. १९४४ मध्ये बंगालमध्ये अधिकाऱ्यांच्या सांगण्यावरून, रीतसर करार न होता गोदामे बांधली गेली होती. सरकारने त्यांचा लाभ घेतला, म्हणून १८७२ च्या करार कायद्यातील कलम ७० खाली मोबदला द्यावा लागला. तोंडी आदेशावर काम केलेले आजही याच निकालाकडे बोट दाखवतात. अडचण अशी, की तिथे वैध करारच नव्हता. साकवाच्या कामात करार असतो, त्यात कलम १४ असते, आणि ‘लेखी आदेश कुठे आहे?’ हा प्रश्न तिथूनच येतो. निसर्ग वादळ (जून २०२०) किंवा महाड-चिपळूणचा पूर (जुलै २०२१) यांसारख्या आपत्तीत आधी रस्ता खुला करायचा असतो. तेव्हा कागद मागे राहणे ओघानेच येते.

मग दाद मागायची कुठे? मसुद्याच्या कलम ३० नुसार अधीक्षक अभियंत्याचा निर्णय अंतिम. बरीच वर्षे अनेकांना ही लवादाचीच तरतूद वाटत होती. पण उत्तर प्रदेशातील अशाच कलमाबाबत १९८० मध्ये आणि कर्नाटकातील कंत्राटांबाबत २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले, की अशा शब्दांतून लवादाचा करार निर्माण होत नाही. मधल्या काळात, १९८७ मध्ये, कराराचा भंग झाला की नाही हाच वाद असेल तर करारातला एक पक्ष स्वतःच न्यायाधीश होऊ शकत नाही, असेही ठरले. थोडक्यात, लवाद नाही, आणि उरते ते दिवाणी न्यायालय. जून २०२४ मध्ये केंद्रानेही आपल्या खरेदी-कंत्राटांत लवादाची तरतूद सरसकट न घालता ती साधारण १० कोटींच्या आतील वादांपुरती ठेवावी, अशा सूचना काढल्या.

दिवाणी न्यायालयात मुदतीचा कायदा आडवा येतो. पैसे देण्याची तारीख ठरलेली नसेल, तर काम झाल्यापासून तीन वर्षे. ‘वाढीव खर्चाला सुधारित मान्यता आली की बघू’ या तोंडी आश्वासनावर दोन पावसाळे सहज निघून जातात. तिसऱ्या वर्षी साकवावरून गाड्या जात असतात, आणि जादा खोदाईची नोंद अजून पेन्सिलीतच असते.