प्लँटॅजेनेट घराण्याचा अस्त

इंग्लंडवर ११५४ ते १४८५ या काळात राज्य करणाऱ्या प्लँटॅजेनेट राजघराण्याचा शेवट. फ्रान्समधल्या आंजू प्रांताचा सरदार जेफ्री टोपीत ‘प्लांटा जेनिस्टा’ या पिवळ्या फुलांच्या झुडपाची डहाळी खोवत असे, त्यावरून हे नाव पडले असे सांगतात. त्याचा मुलगा दुसरा हेन्री हा घराण्याचा पहिला राजा. हे घराणे बुडाले ते परचक्राने नव्हे, तर भाऊबंदकीने.

तिसऱ्या एडवर्डला कर्ते मुलगे बरेच होते, आणि भांडणाचे मूळ तिथेच आहे. त्याचा नातू दुसरा रिचर्ड याला १३९९ मध्ये चुलतभाऊ हेन्री बोलिंगब्रुक याने पदच्युत केले आणि लँकेस्टर शाखा गादीवर आली. अभिषिक्त राजालाही खाली खेचता येते, हे त्या दिवशी सगळ्या सरदारांनी पाहिले. तिसऱ्या एडवर्डच्याच वंशातल्या यॉर्क या दुसऱ्या शाखेचा हक्क अधिक थोरल्या मुलाकडून येत होता, पण मुलीच्या वंशातून. लँकेस्टरांचा धाकट्याकडून, पण सरळ पुरुषवंशातून. दोन्ही बाजूंना आपलाच हक्क खरा वाटत होता.

लँकेस्टर शाखेचा सहावा हेन्री धर्मशील, पण राज्यकारभारात दुबळा. १४५३ मध्ये कास्तियोंच्या लढाईत पराभव होऊन फ्रान्समधला मुलूख गेला. कॅले हे बंदर तेवढे उरले. त्याच ऑगस्टमध्ये राजाची शुद्ध हरपली, ती सुमारे दीड वर्ष. मुलगा झाल्याचेही त्याला कळले नाही. १४५५ मध्ये सेंट ऑल्बन्स येथे दोन्ही शाखांमध्ये तलवारी उपसल्या गेल्या. या यादवीला पुढे ‘गुलाबांची युद्धे’ असे नाव मिळाले, पण या नावात तिची भीषणता येत नाही. २९ मार्च १४६१ रोजी टाउटनला भर हिमवर्षावात लढाई झाली. वारा लँकेस्टर सैन्याच्या तोंडावर होता. त्यांचे बाण शत्रूपर्यंत पोचेनात आणि यॉर्कवाल्यांचे मात्र अचूक येऊन पडत होते. १४७१ मध्ये ट्यूक्सबरीला हेन्रीचा एकुलता मुलगा मारला गेला आणि थोड्याच दिवसांत लंडनच्या टॉवर या किल्ल्यात, कैदेत, हेन्रीचाही अंत झाला.

१४६१ मध्ये गादीवर आलेला यॉर्कचा चौथा एडवर्ड आता निर्धास्त होता, पण घरातला संशय संपला नव्हता. सख्खा भाऊ क्लॅरेन्स याला त्याने १४७८ मध्ये देहान्त शासन दिले. एप्रिल १४८३ मध्ये एडवर्ड वारला तेव्हा वारस पाचवा एडवर्ड १२ वर्षांचा होता. काका रिचर्डने त्याला व त्याच्या धाकट्या भावाला अनौरस ठरवून, तिसरा रिचर्ड म्हणून, स्वतः राज्याभिषेक करवून घेतला. टॉवरमधली ती दोन मुले पुन्हा कुणाला दिसली नाहीत. त्यांचे काय झाले याचा निर्विवाद पुरावा नाही. पण संशयाने रिचर्डची बाजू आतून पोखरली, हे निश्चित.

२२ ऑगस्ट १४८५ रोजी बॉसवर्थच्या रणांगणात तिसरा रिचर्ड थेट लँकेस्टर पक्षाचा दावेदार हेन्री ट्यूडर याच्यावर चालून गेला. ऐन वेळी सर विल्यम स्टॅन्ली हेन्रीच्या मदतीला धावला आणि रिचर्ड पडला. २०१२ मध्ये लेस्टरमधल्या एका गाडीतळाखाली त्याचा सांगाडा सापडला: पाठीचा कणा वाकलेला, कवटीवर नऊ जखमा, त्यांतल्या दोन प्राणघातक. तो शिरस्त्राणाविना लढताना मेला, हे या हाडांवरून दिसते.

अस्ताची तारीख म्हणून बहुधा १४८५ दिली जाते, पण वंश त्या दिवशी संपला नव्हता. क्लॅरेन्सचा मुलगा, वॉरिकचा अर्ल एडवर्ड, तेव्हा दहा वर्षांचा होता. आता सातवा हेन्री म्हणून राजा झालेल्या हेन्री ट्यूडरने त्याला टॉवरमध्ये ठेवले, आणि दुसरीकडे चौथ्या एडवर्डची मुलगी एलिझाबेथ हिच्याशी लग्न करून यॉर्कांचा हक्क आपल्या घरात आणला. १४८७ मध्ये लँबर्ट सिम्नेल नावाच्या मुलाला वॉरिक म्हणून पुढे करून बंड झाले. तो तोतया निघाला. राजाने त्याला मुदपाकखान्यात कामाला लावले. खऱ्या वॉरिकला मात्र दया मिळाली नाही. त्याचा गुन्हा एकच, त्याचा जन्म. चौदा वर्षांच्या कैदेनंतर २८ नोव्हेंबर १४९९ रोजी राजद्रोहाच्या आरोपाखाली त्याचा शिरच्छेद झाला आणि प्लँटॅजेनेटांचा औरस पुरुषवंश खुंटला. त्याची बहीण मार्गारेट पोल हिलाही सातव्या हेन्रीचा मुलगा आठवा हेन्री याने १५४१ मध्ये, वयाच्या ६७ व्या वर्षी, त्याच टॉवरमध्ये ठार केले.