थोरले दोघं सुटले म्हणून धाकटा सुटतो का? निर्दोष सुटका आणि डिस्चार्ज

विटा-खानापूरकडची निम्मी माणसं गलाईच्या (सोनं-चांदी गाळण्याच्या) धंद्यानं देशभर पसरलेली, त्यामुळं गावातल्या भांडणात नाव आलं की पोलीस कागदावर 'फरार' लिहून मोकळे आणि हा तिकडं कोइमतूरला सोनं गाळत बसलेला, असं होतं बऱ्याचदा. समजा बांधावरून मारामारी झाली, ३०७ (खुनाचा प्रयत्न) लागलं, तिघं भाऊ आरोपी. दोघं हजर होते, त्यांचा खटला चालला, साक्षीदार फितूर झाले, दोघं सुटले. मग चार वर्षांनी धाकटा जत्रेला गावी आला आणि उचलला. आता घरच्यांचं एकच पालुपद, वकीलसाहेब, थोरले सुटलेत की, मग ह्याला डिस्चार्ज करून घ्या.

घोळ इथंच आहे. आपण बोलताना दोन्हीला 'सुटला'च म्हणतो आणि पेपरात तर दोन्हीला 'दोषमुक्त' छापून येतं.

थोरल्यांची झाली ती निर्दोष सुटका, म्हणजे चार्ज फ्रेम झाला (कोर्टानं आरोप निश्चित केले), साक्षी झाल्या, उलटतपास झाला आणि शेवटी जज म्हणाले गुन्हा शाबीत होत नाही. डिस्चार्ज म्हणजे त्याच्या कितीतरी आधी, चार्ज फ्रेम व्हायच्या अगोदरच, पोलिसांचे कागद बघून कोर्ट म्हणतं की खटला चालवण्याइतकं ह्यात काही नाहीच. सेशनच्या केसला जुन्या सीआरपीसीत (फौजदारी प्रक्रियेचा कायदा) कलम २२७, त्याच्या जागी आलेल्या नव्या बीएनएसएसमध्ये २५०. नव्यात एक मेख अशी की केस खालच्या कोर्टातून सेशनला कमिट झाल्यापासून (म्हणजे वर पाठवल्यापासून) ६० दिवसांत अर्ज टाकायचा, जुन्यात अशी मुदत नव्हती. आणि एकदा चार्ज फ्रेम झाला की डिस्चार्जची गाडी गेली, मग शिक्षा नाहीतर निर्दोष, दोनच स्टॉप.

आता धाकट्याची अडचण बघा. डिस्चार्जच्या वेळी कोर्ट बघतं ते चार्जशीट (पोलिसांचं आरोपपत्र) आणि त्यासोबतचे कागद, आरोपीनं खिशातून काढलेले कागद सहसा बघत नाही, सुप्रीम कोर्टानं २००४ सालच्या देबेंद्रनाथ पाढी केसमध्ये तसं स्पष्ट सांगितलंय. थोरल्यांचा निकाल हा असाच बाहेरचा कागद, आणि चार्जशीटमधला फिर्यादीचा जबाब तर अजून तसाच आहे ना, की धाकट्यानं कोयता मारला म्हणून! साक्षीदार तिथं फिरला म्हणून इथंही फिरेलच असं कोर्ट धरून चालत नाही. राजन राय विरुद्ध बिहार सरकार ह्या केसमध्येही सुप्रीम कोर्टानं म्हटलंय की वेगळ्या खटल्यात सहआरोपी सुटला, तर तो निकाल ह्या आरोपीच्या खटल्यात पुरावा म्हणून चालत नाही.

मग निकालाची नक्कल चुलीत घालायची का, तर तसंही नाही. ती काढाच, पण शेवटचं पान बघून नाचू नका, आतलं वाचा. ओळख पटली नाही किंवा ह्या दोघांचा हात दिसत नाही म्हणून सोडलं असेल तर धाकट्याला त्याचा फार उपयोग नाही. पण अशी घटना घडल्याचंच दिसत नाही असं जजनी लिहिलं असेल आणि तिघांवरचा आरोप एकाच पिठाचा असेल, तर मुद्द्यात दम आहे. अशा वेळी बरेच वकील डिस्चार्जच्या नादी न लागता हायकोर्टात केस रद्द करायला जातात, जुनं ४८२, आता ५२८, कारण तिथं कोर्टाचा हात जरा मोकळा असतो. ह्यासाठी आधी मुंबई गाठायला लागायची, ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला हायकोर्टाचं सर्किट बेंच आलंय, सांगली-सातारकरांची रात्रीची गाडी वाचली.

आणखी एक फरक, जो कुणी सांगत नाही. निर्दोष सुटका कायम झाली की त्याच गुन्ह्यासाठी परत खटला नाही. डिस्चार्जला मात्र हे कवच नाही, सीआरपीसीच्या कलम ३०० च्या (आता बीएनएसएसचं ३३७) खुलाशात सरळ लिहिलंय की डिस्चार्ज म्हणजे निर्दोष सुटका नव्हे, उद्या नवीन पुरावा आला तर परत दार वाजू शकतं. उलट धाकटा खटला चालवून निर्दोष सुटला तर जास्त पक्का सुटतो, फक्त तोवर कोइमतूर-सांगली तारखांना हेलपाटे घालायची तयारी पाहिजे, आणि तारखेला दांडी मारली की वॉरंट.