लक्ष सुटतं ते नेमकं कुठून?

डोंगर चढताना मी कधी पडलो नाही. दोनदा पडलो, दोन्ही वेळा उतरताना आणि सोप्या वाटेवर. दुसऱ्या वेळी तर पुढचा दगड डगडगतोय हे दिसत होतं, तरी पाय त्यावरच पडला. सोबतचे म्हणाले, ‘मन खंबीर हवं.’ दमल्यावर लक्ष सुटलं की सगळे मनालाच बोल लावतात. मला ते पटत नाही. लक्षाची बरीचशी सूत्रं मेंदूच्या देठातल्या एका इवल्याशा भागाकडे असतात.

त्याचं नाव लोकस सेरुलिअस, लॅटिनमध्ये ‘निळी जागा’. पेशींतल्या रंगद्रव्यामुळे तो निळसर दिसतो. मेंदूत चेतापेशी सुमारे ८,६०० कोटी. इथे डाव्या-उजव्या बाजूंच्या मिळून फार तर ५०,०००च्या आसपास. पण त्यांचे तंतू जवळजवळ सगळ्या मेंदूभर पसरतात आणि तिथे नॉरअॅड्रेनॅलिन हे मेंदूला सावध करणारं रसायन सोडतात. या पेशी दोन तऱ्हांनी चालतात. एक त्यांची संथ, सततची लय. दुसरी, महत्त्वाचं काही समोर आलं की उठणारा क्षणिक झोत. लय फार मंदावली की गुंगी येते. फार वाढली, म्हणजे भीतीत किंवा घाईत, की झोत तिच्यात बुडून जातो आणि मन दहा दिशांना धावतं. लय मध्यम असेल तेव्हाच झोत ठळक उठतो, आणि डगडगता दगड नुसता दिसत नाही, पाऊलही अडवतो.

या लयीला श्वासाचा धागा जोडलेला आहे. प्री-बॉट्झिंगर संकुल हे श्वासाचा ताल धरणारं केंद्र. २०१७मध्ये संशोधकांनी उंदरांमधल्या या केंद्रातून लोकस सेरुलिअसकडे जाणाऱ्या मोजक्या पेशी काढून टाकल्या. उंदीर श्वास घेत राहिले, पण विलक्षण शांत झाले. माणसातही नेमकं हेच घडतं असं यावरून सिद्ध होत नाही. तरी अवघड टप्प्याआधी थांबून दोन-तीन लांब उच्छ्वास सोडायची सवय मी तेव्हापासून लावून घेतली.

पाण्याचंही तसंच. घामावाटे वजनाच्या २ टक्क्यांहून जास्त पाणी गेलं की लक्ष ढळू लागतं. ६० किलोच्या माणसासाठी ते सव्वा लिटरच्या आत-बाहेर. ‘एकाग्रता वाढवणारी’ म्हणून मनगटात घालायला विकली जाणारी चुंबकीय कडी मात्र सरळ फसवणूक आहे. त्या पैशांत पाण्याची मोठी बाटली घ्यावी.

आता उतरणीला लागण्याआधी मी बसतो, पाणी पितो, बुटांच्या नाड्या पुन्हा आवळतो. श्वास खाली बसला की मगच उठतो.