उरलेलं मटण, दोन अंडी आणि तव्यावरचं भांडण

सांगलीत रविवारी मटण झालं की सोमवारी सकाळी फ्रीजमध्ये काय असतंय ते वेगळं सांगायला नको. एका डब्यात सुक्याचे चार-पाच तुकडे, वाटीभर रस्सा आणि त्याच्यावर तांबड्या तेलाचा गोठलेला थर, बारक्या पोरांसाठी काढलेल्या आळणीतले (म्हणजे बिनमसाल्याच्या पाण्यातले) दोन पीस, आणि शनिवारची मेथी नाहीतर फ्लॉवर-बटाटा, जी मटणाच्या नादात कुणी हुंगलीसुद्धा नाही. एवढ्यात कुणाचं पोट भरत नाही आणि टाकायला जीव होत नाही, मग दोन-तीन अंडी फोडायची आणि सगळं त्यात घालून तव्यावर ओतायचं. (सोमवार पाळणाऱ्यांनी हे रविवारी रात्रीच उरकून घ्यावं.)

काम दहा मिनिटांचं. पण एखाद्या दिवशी ती अंड्याची पोळी मऊसूत होते आणि दुसऱ्या दिवशी तीच अंडी, तोच तवा, आणि पोळी रबरासारखी, ताटात बाजूला पाणी सुटलेलं, आत मटणाचा तुकडा गार. हाताला यश नाही वगैरे काही नसतंय हे. भांडण तापमानाचं आहे. उरलेल्या मटणाला जेवढी आच लागते तेवढी अंड्याला सोसत नाही, आणि आपण दोघांना एकदमच तव्यावर टाकतो.

आधी अंड्याचं बघू. अंड्यात साधारण तीन चतुर्थांश पाणीच असतं, प्रोटीन म्हणाल तर बारा-तेरा टक्के. ही प्रोटीन म्हणजे लांबलचक साखळ्या, कच्च्या अंड्यात त्या घड्या घालून आपापल्या जागी सुट्या फिरत असतात. उष्णता लागली की घड्या उलगडतात, उलगडलेली टोकं एकमेकांत अडकतात आणि जाळं तयार होतं, पाणी त्या जाळ्यातच अडकून बसतं. म्हणून अंडं पातळाचं घट्ट होतं तरी त्यातलं पाणी कुठं जात नाही. गंमत अशी की सगळी प्रोटीन एकाच वेळी घट्ट होत नाहीत. पांढऱ्यातलं ओव्होट्रान्सफेरिन नावाचं प्रोटीन 61-62 अंशालाच धरायला लागतं, पिवळं 65 ला दाटतं आणि 70 ला बसतं, आणि पांढऱ्यात ज्याचा वाटा निम्म्याहून जास्त आहे ते ओव्हल्ब्युमिन 80 च्या आसपास जाईपर्यंत दाद देत नाही. फेटून एकजीव केलेलं अंडं सत्तरीच्या थोडं पुढं गेलं की तव्यावर धरतं. तिथं थांबलात तर मऊ. पुढं 80-85 कडं गेलात की जाळं आवळत जातं आणि ओला पंचा पिळावा तसं आतलं पाणी बाहेर येतं. ताटातलं पाणी ते हेच, निदान अर्धं तरी. उरलेलं अर्धं भाजीचं.

आता मटण. फ्रीजमधनं काढलेला तुकडा चार-पाच अंशाला असतो आणि खायच्या आधी तो आतपर्यंत 75 अंशाला पोचला पाहिजे, का ते पुढं सांगतो. अंगठ्याएवढा तुकडा तेवढा गरम व्हायला काही मिनिटं लागतात आणि तापलेल्या तव्यावर अंडं मिनिटभरात धरतं. म्हणजे गार तुकडे अंड्यात कालवून ओतले तर दोनच गोष्टी होऊ शकतात, एकतर तुकडा गरम होईपर्यंत अंड्याचं चामडं, नाहीतर अंड्याकडं बघून गॅस बंद केला तर तुकडा कोमट. कोमट तर सगळ्यात वाईट.

त्यामुळं क्रम ठरलेला. मटण हाडावरनं सोडवायचं, बारीक चिरायचं (बारीक तुकड्याच्या आत उष्णता लवकर शिरते, एवढंच कारण), आणि भाजीसकट आधी नुसतंच तव्यावर परतायचं. अंडं सगळ्यात शेवटी.

परतायचं किती? आपल्याकडं बायका सांगतात तेल सुटेपर्यंत, आणि मला हे वाक्य थर्मामीटरपेक्षा भारी वाटतं. कारण असं, की जोपर्यंत मसाल्यात पाणी आहे तोपर्यंत त्याचं तापमान उकळबिंदूच्या वर जातच नाही, कितीही मोठा गॅस करा. सांगली समुद्रसपाटीपासून साधारण साडेपाचशे मीटरवर आहे त्यामुळं इथं तो शंभर पण नाही, 98 च्या आसपास. तव्याकडं नीट बघा, सुरुवातीला रस्सा फदफदतो, मोठे बुडबुडे येतात, मग बुडबुडे बारीक होत जातात, आवाज फदफदीचा चुरचुरीत बदलतो, आणि कडेनं तांबडं तेल वेगळं दिसायला लागतं. पाणी संपल्याची ही खूण. आता तापमान वर चढायला मोकळं, आणि 140 अंशाच्या आसपास प्रोटीन आणि साखर यांच्यातली ती प्रक्रिया जोरात सुरू होते जिच्यामुळं भाजलेल्या मटणाला भाजल्याचा वास येतो. लुई कामिल मायार या फ्रेंच केमिस्टनं 1912 मध्ये तिचं वर्णन केलं म्हणून तिला त्याचंच नाव. अंडं घालून मग कितीही वेळ ठेवलं तरी हा वास येणार नाही कारण अंडं म्हणजे परत पाणी, तेव्हा खरपूसपणा काय तो आधीच मिळवून घ्यायचा.

तेल सुटलं की गॅस बारीक, अर्धा मिनिट थांबायचं आणि मग फेटलेलं अंडं ओतायचं. बिडाचा तवा असेल तर वरचं अंडं अजून जरा ओलसर दिसतंय तेव्हाच गॅस बंद करा, बीड उष्णता धरून ठेवतं, पुढचं काम ते करतं. वाहतं अंडं मात्र राहू देऊ नका, साल्मोनेला नावाच्या जंतूची भीती असते, घरात बारकी पोरं, म्हातारी माणसं किंवा गरोदर बाई असेल तर अजिबातच नाही.

आता त्या वाटीभर रश्श्याचं काय. काही जण वरचा कट, म्हणजे तो तांबड्या तेलाचा थर, सरळ टाकून देतात, मला ते पटत नाही, सगळी चव तिथंच असते, मिरचीचा रंग काय, हळदीचा पिवळा काय, आणि बराचसा वास, हे सगळं पाण्यापेक्षा तेलात विरघळणारं. अंड्याच्या पिवळ्यात लेसिथिन नावाचा पदार्थ असतो, त्याच्या रेणूचं एक टोक तेलाला चिकटतं आणि दुसरं पाण्याला, मेयोनीजमध्ये तेल फुटत नाही ते याच्याच जोरावर. म्हणून कट जरा गरम करून पातळ करायचा, चमचाभर अंड्यात घालून फेटायचा, वेगळा तवंग राहत नाही आणि सगळ्या पोळीला रश्श्याची चव लागते. मटणाची चरबी साध्या खोलीच्या तापमानालाही घट्टच असते त्यामुळं फ्रीजमधनं काढून तसाच घातला तर नुसत्या गुठळ्या होतील. आणि चमचाभरच, वाटीभर नाही.

अंड्यात मीठ पाव तास आधी घालून ठेवलं तर पोळी जास्त मऊ होते. मिठामुळं प्रोटीनवरचा विद्युतभार बदलतो आणि तापल्यावर ती एकमेकांना तेवढी घट्ट आवळत नाहीत. पण मटणात मीठ आहेच, कटातही आहे, तेव्हा चिमटीनं.

एक गोष्ट तुम्हालाही जाणवली असेल, शिळ्या सुक्या मटणापेक्षा आळणीतल्या पीसला दुसऱ्या दिवशी वेगळाच जुनाट वास येतो, चिकन असेल तर जास्तच. नासलेलं नसतं ते. शिजताना मांसातल्या मायोग्लोबिनमधलं (मांसाला तांबडा रंग देणारं प्रोटीन) लोह मोकळं होतं आणि ते फॅटचं ऑक्सिडेशन, म्हणजे हवेनं खवट होणं, भराभर करायला लागतं, फ्रीजमध्येसुद्धा. चिकनच्या फॅटमध्ये लवकर ऑक्सिडाइज होणारा हिस्सा जास्त म्हणून तिथं वास लवकर. टिम्स आणि वॉट्स यांनी 1958 मध्ये यावर पेपर लिहिला, तेव्हापासून फूड सायन्सवाले याच्या मागं आहेत. कांदा, लसूण, लवंग, हळद यांच्यात हे ऑक्सिडेशन अडवणारे पदार्थ असतात, म्हणजे आपली कांदा-लसूण चटणी नुसती तिखटासाठी नाही. हळदीबद्दल सांगलीकरांना कोण शिकवणार, हरिपूरला जमिनीत पेवं काढून पिढ्यान्‌पिढ्या हळद साठवलेलं गाव आपलं, 2018 ला सांगलीच्या हळदीला जीआय (भौगोलिक मानांकन) पण मिळालं. तर आळणीचे पीस उरवायचेच असले तर रात्रीच मसाल्यात घोळून ठेवा, निम्मा प्रश्न सुटतो.

आता ते 75 अंशाचं. मटणाचं पातेलं रात्रभर ओट्यावर ठेवायची आणि सकाळी एक उकळी मारायची ही सवय घरोघरी आहे, आणि ती अर्धीच बरोबर आहे. मांसात क्लॉस्ट्रिडियम परफ्रिंजेन्स नावाचा जंतू असू शकतो, त्याचे बीजाणू उकळत्या रश्श्यातही जगतात, आणि मोठं पातेलं हळूहळू निवायला लागलं की ते रुजतात. त्याला हवा नको असते, उकळलेल्या रश्श्याच्या तळाशी हवा नसतेच. आणि 43 ते 45 अंश हे त्याचं सगळ्यात आवडतं तापमान, तिथं दहा-दहा मिनिटांत संख्या दुप्पट, म्हणजे एकाचे दोन तासांत चार हजारांवर. मे महिन्यात सांगलीत बाहेरच चाळीस असताना ते पातेलं निवणार तरी कधी! जागे झालेले हे जंतू 75 अंशाला मरतात म्हणून नीट गरम करणं कामाचं आहे. पण हाताच्या जखमेतनं किंवा नाकातनं आलेला स्टॅफिलोकॉकस नावाचा दुसरा जंतू जर वाढून बसला असेल तर त्याचं विष उकळीलाही दाद देत नाही, त्यावर तवाही काही करू शकत नाही. उपाय एकच, जेवण झालं की दोन तासांच्या आत पसरट डब्यात काढून फ्रीजमध्ये. उन्हाळ्यात एका तासात.

भाज्यांचं थोडक्यात. मेथी, कोबी, मटकीची उसळ अशा कोरड्या भाज्या बिनधास्त चालतात. दुधी, दोडका, टोमॅटोचं काहीही असलं तर पाणी पूर्ण आटवा, टोमॅटोत जवळजवळ 95 टक्के पाणीच असतं. बटाटा उलट कामाचा, कुस्करून घातला तर त्याचा स्टार्च प्रोटीनच्या मधे मधे येतो आणि जाळं फार आवळू देत नाही, चमचाभर बेसन पण हेच करतं. इटलीत फ्रिताता नावाची अंड्याची जाड पोळी करतात त्यातही बटाटा असतो बऱ्याचदा. भेंडी नको. का ते करून बघा.

डब्यात द्यायची असेल तर एक अडचण येते. गरम पोळी तव्यावरच झाकून ठेवली, त्यातनं तवा लोखंडी असला, की तासाभरात हिरवट-करडी झाक येते, अंड्याच्या पांढऱ्यातला गंधक लोहाला भेटतो आणि आयर्न सल्फाइड तयार होतं. अपाय काही नाही पण पोरं तोंड वाकडं करतात. पोळी झाली की लगेच ताटात काढा, वाफ जाऊ द्या, आणि परतताना मसाल्यात थोडं लिंबू पिळा, आंबटपणात ती झाक सहसा धरत नाही.